धावते समालोचन आणि समालोचकाचे मौन : जॉन आर्लट यांची कारकीर्द

नभोवाणीवरील धावत्या समालोचनाचा इतिहास लिहू पाहणाऱ्यापुढे पहिली अडचण उभी राहते ती साधनांची. दरबारी दप्तरे उरतात, वृत्तपत्रांच्या जुन्या फायली उरतात, खाजगी पत्रव्यवहारही कोठेतरी पेटीत सापडतो. परंतु मैदानाच्या कडेच्या खोलीत ध्वनिक्षेपकासमोर बसून एखाद्या मनुष्याने दिवसभर जे शब्द उच्चारले ते उच्चारताच हवेत विरून गेले. थेट प्रक्षेपणाचा फारच थोडा अंश ध्वनिमुद्रित होऊन शिल्लक राहिला आहे, आणि जो राहिला तोही प्रसिद्ध प्रसंगांचा. सामान्य दिवसाच्या सामान्य वर्णनाचा पुरावा जवळजवळ नाहीच. साहजिकच समालोचकांविषयी जे लिहिले जाते त्यात आठवणींचा भाग मोठा आणि विवेचनाचा अल्प असतो. बीबीसीचे क्रिकेट-समालोचक जॉन आर्लट (१९१४–१९९१) यांच्याविषयीही विपुल आठवणी लिहिल्या गेल्या आहेत. त्यांचा आवाज, त्यांचे मद्यप्रेम, त्यांची ग्रंथसंपदा यांचे वर्णन त्यात पुष्कळ येते. परंतु त्यांच्या कारकीर्दीत इतिहासाच्या दृष्टीने विचारार्ह असा एक प्रश्न दडलेला आहे आणि तो आवाजाच्या गोडव्याहून निराळा आहे. डोळ्यांपुढे जे घडते तेवढेच सांगावयाचे, हा समालोचकाचा धर्म मानला जातो. मग जे डोळ्यांपुढे येऊच दिले जात नाही त्याविषयी त्याने काय करावे?

हा प्रश्न उलगडण्यासाठी प्रथम ह्या कलेच्या जन्माकडे पाहिले पाहिजे. इंग्लंडमध्ये खेळाचे पहिले धावते समालोचन १५ जानेवारी १९२७ रोजी ट्विकनहॅम येथून झाले. सामना रग्बीचा, इंग्लंड विरुद्ध वेल्स, आणि समालोचक कॅप्टन टेडी वेकलम. त्यांच्यासमोर एका अंध गृहस्थास बसविण्यात आले होते आणि त्यास खेळ दिसेल अशा रीतीने बोला, एवढीच सूचना त्यांना होती. ही युक्ती वरवर साधी दिसते. तथापि समालोचकाची सारी नीती तीत सामावलेली आहे. ऐकणारा आंधळा आहे आणि त्याचा सर्वस्वी भार सांगणाऱ्याच्या प्रामाणिकपणावर आहे, हे गृहीत धरूनच ही कला सुरू झाली. त्याच वर्षी लेटन येथे न्यूझीलंड व एसेक्स यांच्या सामन्यात क्रिकेटवरही हा प्रयोग करून पाहण्यात आला. परंतु संथ गतीचा हा खेळ नभोवाणीस मानवणार नाही असेच पुष्कळांचे मत पडले. ते खोटे ठरविले हॉवर्ड मार्शल यांनी. १९३८ साली ओव्हलवर लेन हटनने ३६४ धावांचा उच्चांक केला त्या वेळचे मार्शल यांचे वर्णन ध्वनिमुद्रिकेवर आजही ऐकावयास मिळते. पुढे बाह्यप्रक्षेपण विभागाचे प्रमुख सेमूर द लॉतबिनिएर यांनी ह्या कामाचे शास्त्रच बांधले. धावसंख्या वारंवार सांगावी, स्थळाचे चित्र आधी उभे करावे, मगच बारकाव्यांकडे वळावे, असे त्यांचे दंडक होते. ह्या परंपरेतील बहुतेक आवाज वरच्या वर्गाच्या शाळांतून घडलेले होते. उच्चार स्वच्छ, सूर संयमित, आणि सर्वांचे इंग्रजी एकाच साच्यातले.

आर्लट ह्या साच्यातले नव्हते. हॅम्पशर परगण्यातील बेझिंगस्टोक गावी दफनभूमीच्या रखवालदाराच्या घरी त्यांचा जन्म झाला. शालेय शिक्षण अर्धवट राहिले. नंतर एका मनोरुग्णालयात कारकुनी केली आणि १९३४ मध्ये ते साउथॅम्प्टनच्या पोलीस दलात शिपाई म्हणून दाखल झाले. अकरा-बारा वर्षे पोलिसाची नोकरी करीत असतानाच त्यांनी जुन्या पुस्तकांचा नाद लावून घेतला, कविता लिहिल्या आणि १९४४ मध्ये स्वतःचा कवितासंग्रह प्रसिद्ध केला. कवी जॉन बेट्जमन यांच्या ओळखीतून बीबीसीचे दार उघडले आणि १९४५ मध्ये ते परदेशी प्रक्षेपणाच्या साहित्यविषयक कार्यक्रमांचे निर्माते झाले. क्रिकेटशी त्यांचा संबंध प्रेक्षकाचाच; १९३८ मध्ये वूस्टर येथे हॅम्पशरच्या संघास माणूस कमी पडला म्हणून बदली क्षेत्ररक्षक म्हणून ते मैदानात उतरले होते, हीच काय ती त्यांची वरच्या दर्जाच्या क्रिकेटमधील मजल.

ज्या विभागात ते रुजू झाले त्याचे स्वरूप येथे ध्यानात घेतले पाहिजे. तो विभाग पूर्वेकडील देशांसाठी, त्यातही मुख्यतः हिंदुस्थानासाठी, प्रक्षेपण करणारा होता. युद्धकाळात, १९४१ ते १९४३ या वर्षांत, जॉर्ज ऑर्वेल ह्याच विभागात काम करीत असत. मुंबई व कलकत्ता विद्यापीठांच्या इंग्रजी वाङ्मयाच्या अभ्यासक्रमातील ग्रंथांवर विद्यार्थ्यांसाठी व्याख्याने योजण्याचा उपक्रम त्यांच्याच काळातील होय. साम्राज्याची सत्ता डळमळीत झालेली असताना सुशिक्षित हिंदी श्रोत्यास वाङ्मयाच्या धाग्याने बांधून ठेवावे, असा त्यामागील राजकीय हेतू उघड आहे. त्या श्रोत्याने ही व्याख्याने कितपत ऐकली याविषयी स्वतः ऑर्वेल फारसे आशावादी नव्हते. साहित्यविषयक कार्यक्रमांची हीच परंपरा पुढे आर्लट यांच्याकडे आली. डिलन टॉमस यांच्यासारख्या कवीस बोलावून कविता वाचून घेण्याचे काम ते तेथे करीत असत.

१९४६ च्या उन्हाळ्यात थोरल्या पतौडी नबाबांच्या नेतृत्वाखाली हिंदी संघ इंग्लंडमध्ये आला. युद्धानंतरचा तो पहिलाच दौरा होता आणि अखंड हिंदुस्थानचा शेवटचा. हिंदी श्रोत्यांस आपल्या संघाची वार्ता हवी असणार हे उघड होते आणि ती देण्याचे काम पूर्व विभागाचे होते. त्या विभागात क्रिकेट जाणणारा म्हणून आर्लट यांचे नाव पुढे आले. वूस्टर येथील सलामीच्या सामन्याचे व त्यानंतरच्या ऑक्सफर्डच्या सामन्याचे वर्णन त्यांनी हिंदुस्थानासाठी केले. ते पसंत पडल्यामुळे पुढील दौऱ्याचे कामही त्यांच्याकडेच आले. इंग्लंडचे ग्रामीण जीवन, तेथील उन्हाळा आणि तेथील मैदाने यांचा प्रतिनिधी म्हणून जो आवाज पुढे जगप्रसिद्ध झाला, तो प्रथम इंग्रज श्रोत्यांसाठी उमटलाच नव्हता. तो मुंबई, पुणे, कलकत्ता, मद्रास येथील घरांसाठी उमटला होता.

हे श्रोते नवखे नव्हते. मुंबईत १९३४ पासून ए. एफ. एस. तल्यारखान यांचे समालोचन लोक ऐकत आले होते. दिवसभर एकट्यानेच बोलण्याची त्यांची रीत होती. ध्वनिक्षेपकात वाटेकरी घेणे त्यांना मान्य नव्हते आणि १९४८–४९ मध्ये आकाशवाणीने तीन समालोचकांची पद्धत आणताच त्यांनी ते काम सोडले. अशा भरघोस, मतप्रचुर वाणीची सवय झालेल्या कानांस आर्लट यांचा थांबत थांबत चालणारा, शब्द तोलून मांडणारा आवाज निराळा वाटला असणार.

दौऱ्यात सांगण्याजोगे पुष्कळ होते. विजय मर्चंट यांनी दौऱ्यात २३८५ धावा केल्या. ओव्हलवर सरे संघाविरुद्ध चंदू सरवटे व शुटे बॅनर्जी या दहाव्या व अकराव्या क्रमांकाच्या फलंदाजांनी शेवटच्या गड्यासाठी २४९ धावांची भागी करून दोघांनीही शतके काढली; असा प्रकार प्रथम श्रेणीच्या क्रिकेटमध्ये दुसऱ्यांदा घडलेला नाही. मँचेस्टरच्या कसोटीत रंगा सोहोनी व दत्ताराम हिंदळेकर या शेवटच्या जोडीने अखेरची तेरा मिनिटे तग धरून पराभव टाळला. ओव्हलच्या कसोटीत मर्चंट १२८ धावांवर असता फुटबॉलपटूही असलेल्या डेनिस कॉम्प्टनने चेंडू पायाने लाथाडून यष्टीवर मारला व त्यांना धावचीत केले. आर्लट यांनी ह्या साऱ्याचा वृत्तांत ‘इंडियन समर’ या नावाने १९४७ मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध केला. पाहुण्या खेळाडूंकडे चमत्कारिक प्राणी म्हणून न पाहता कसबी माणसे म्हणून पाहण्याची दृष्टी त्या ग्रंथात आहे. हीच दृष्टी पुढे त्यांना दुसऱ्या एका देशात अडचणीत आणणार होती.

त्यांच्या आवाजाविषयी वरिष्ठांचे मत प्रथम अनुकूल नव्हते. हॅम्पशरचा खेडवळ हेल त्यात स्पष्ट होता. आवाज असंस्कृत असला तरी मन विचक्षण आहे, अशा आशयाचा शेरा लॉतबिनिएर यांनी दिल्याचे प्रसिद्ध आहे. तो हेल आर्लट यांनी सोडला नाही. त्यांचे खरे सामर्थ्य मात्र हेलात नव्हते. ते निवडीत होते. चेंडू पडण्यापूर्वीच्या रिकाम्या क्षणात गोलंदाजाची चाल, क्षेत्ररक्षकाची बेफिकिरी, प्रेक्षकांतील हालचाल यांतील नेमके एखादे अंग ते पकडीत आणि चेंडू पडताच वर्णन आखडते घेत. १४ ऑगस्ट १९४८ रोजी ओव्हलवर डोनाल्ड ब्रॅडमन आपल्या शेवटच्या कसोटीत एरिक हॉलिसच्या दुसऱ्याच चेंडूवर शून्यावर बाद झाला. चार धावा केल्या असत्या तर त्याची सरासरी पूर्ण शंभर झाली असती, ती ९९.९४ वर थांबली. ध्वनिक्षेपकावर त्या क्षणी आर्लट होते आणि ते मुद्रण उपलब्ध आहे. त्यात उद्गार नाहीत, आकडेमोडही नाही. इतक्या मोठ्या निरोपाच्या प्रसंगी, प्रतिस्पर्ध्यांनी जयघोष केल्यावर, माणसाला चेंडू नीट दिसत तरी असेल काय, अशी एक शंका तेवढी आहे. समालोचक आपल्या श्रोत्यास केवळ मैदान दाखवीत नाही, फलंदाजाच्या डोळ्यांत उभे राहून पाहावयास लावतो, हे त्या अर्ध्या मिनिटात सिद्ध झाले.

त्याच वर्षाच्या हिवाळ्यात ते इंग्लंडच्या संघाबरोबर दक्षिण आफ्रिकेस गेले. मे १९४८ च्या निवडणुकीत मलान यांचा राष्ट्रीय पक्ष सत्तेवर आला होता आणि वर्णभेदास कायद्याचे अधिष्ठान देण्याची सिद्धता चालू होती. एका काळ्या माणसास गोऱ्याने रस्त्यात अकारण लाथ मारलेली त्यांनी पाहिली. काळ्या वस्त्यांतही ते हिंडले. देश सोडताना भरावयाच्या पत्रकात वंश या सदरापुढे त्यांनी ‘मानव’ असे लिहिले, ही कथा सर्वत्र सांगितली जाते. तिचा आधार मुख्यतः त्यांचेच कथन होय. ती घटकाभर बाजूस ठेवली तरी पुढील वर्तनात पुरावा भरपूर आहे. १९५० मध्ये ‘एनी क्वेश्चन्स’ या कार्यक्रमात त्यांनी दक्षिण आफ्रिकेच्या सरकारास नाझी वळणाचे म्हटले. त्या सरकारने निषेध नोंदविला आणि आर्लट यांस त्या कार्यक्रमापासून काही काळ दूर ठेवण्यात आले. क्रिकेटचे समालोचन मात्र चालू राहिले. खेळाविषयी बोलणारा आणि राजकारणाविषयी बोलणारा ही दोन निराळी माणसे आहेत, असे संस्थेने मानले होते. आर्लट यांनीही ते तूर्त मान्य केले असेच म्हणावे लागते.

त्यानंतरच्या काळात दक्षिण आफ्रिकेचा केवळ गोऱ्यांचा संघ १९५१, १९५५, १९६० व १९६५ मध्ये इंग्लंडमध्ये येऊन गेला आणि त्या त्या उन्हाळ्यांत आर्लट समालोचनाचे काम करीतच राहिले. १९६० चा दौरा तर शार्पव्हिल येथील २१ मार्चच्या हत्याकांडानंतर अवघ्या काही आठवड्यांनी सुरू झाला. १९७० मधील त्यांच्या धैर्याची स्तुती करणाऱ्या लेखकांनी ह्या वीस वर्षांकडे बहुधा डोळेझाक केली आहे. ती करण्याचे कारण नाही. मनुष्याचे मत बनणे एक आणि ते मत त्याच्या व्यवसायात उतरणे दुसरे. दोहोंमध्ये कधीकधी फार मोठा काळ जातो, आणि तो कसा भरला गेला हे पाहणे हेच चरित्रकाराचे काम असते.

आर्लट यांच्या बाबतीत तो एका पत्रव्यवहाराने भरला गेला. केप टाउनचे मिश्रवर्णीय फलंदाज बेझिल डॉलिव्हेरा यांनी १९५८ च्या सुमारास त्यांना पत्र लिहिले. आपल्या देशात गोऱ्यांच्या संघातून खेळण्याची आशा नाही, इंग्लंडमध्ये व्यावसायिक म्हणून कोठे काम मिळेल काय, अशी त्यात विचारणा होती. (आडनावावरून पुष्कळांनी ह्या खेळाडूचे मूळ पोर्तुगीज हिंदुस्थानात शोधले, त्यांची स्वतःची समजूत आपले पूर्वज मदीरा बेटावरचे अशी होती.) डॉलिव्हेरा यांनी आर्लट यांना पाहिले नव्हते, नभोवाणीवर ऐकले होते. ज्याचा आवाज ऐकला त्या माणसात न्यायबुद्धी असावी, एवढ्या अनुमानावर ते पत्र गेले. समालोचक व श्रोता यांच्यातील नात्याविषयीचा याहून बोलका पुरावा शोधूनही सापडणार नाही. डांबरी वा खडबडीत पट्ट्यांवर, कोणाच्याही नोंदवहीत न गेलेल्या सामन्यांत काढलेल्या धावांची किंमत इंग्रज क्लबांस पटविणे सोपे नव्हते. अखेर लँकेशरमधील मिडलटन क्लबास ऐनवेळी व्यावसायिक खेळाडू मिळेनासा झाला तेव्हा, पत्रकार जॉन के यांच्या साहाय्याने, १९६० च्या हंगामासाठी ४५० पौंडांचा करार आर्लट यांनी जुळवून आणला. प्रवासखर्चासाठी केप टाउनच्या लोकांनी वर्गणी जमविली. एप्रिलमध्ये डॉलिव्हेरा इंग्लंडला पोहोचले. म्हणजे ज्या उन्हाळ्यात आर्लट गोऱ्या दक्षिण आफ्रिकेच्या खेळाचे वर्णन करीत होते, त्याच उन्हाळ्यात त्या देशाने वगळलेला एक खेळाडू त्यांच्या खटपटीने लँकेशरच्या ओल्या खेळपट्टीशी झगडत होता.

पुढील हकीकत परिचित आहे. डॉलिव्हेरा १९६४ मध्ये वूस्टरशरकडून व १९६६ मध्ये इंग्लंडकडून खेळू लागले. ऑगस्ट १९६८ मध्ये ओव्हलवर ऑस्ट्रेलियाविरुद्ध त्यांनी १५८ धावा काढल्या आणि २८ ऑगस्टला दक्षिण आफ्रिकेच्या दौऱ्यासाठी जाहीर झालेल्या संघातून त्यांना वगळण्यात आले. त्याच वर्षी ‘गार्डियन’ पत्राचे क्रिकेट प्रतिनिधी झालेल्या आर्लट यांनी ह्या निवडीवर कठोर टीका केली. १६ सप्टेंबरला टॉम कार्टराइट दुखापतीमुळे बाहेर पडला व डॉलिव्हेरा यांची निवड झाली. दुसऱ्या दिवशी पंतप्रधान फॉर्स्टर यांनी हा संघ आपणांस मान्य नसल्याचे सांगितले, आणि २४ तारखेस दौरा रद्द झाला.

तरीही १९७० च्या उन्हाळ्यात दक्षिण आफ्रिकेस इंग्लंडमध्ये बोलावण्याचा बेत कायम राहिला. पीटर हेन प्रभृतींनी दौऱ्याविरुद्ध चळवळ उभारली. मैदानांभोवती काटेरी तारा आल्या. एप्रिल १९७० मध्ये आर्लट यांनी ‘गार्डियन’मध्ये लेख लिहून ह्या सामन्यांचे समालोचन आपण करणार नाही असे जाहीर केले.

ह्या लेखातील युक्तिवाद बारकाईने पाहण्याजोगा आहे. वर्णभेद वाईट, म्हणून मी बोलणार नाही, एवढेच तेथे म्हटलेले नाही. समालोचन हे आनंदाच्या वाटणीवर उभे असते, सांगणाऱ्यास आनंद नसेल तर ऐकणाऱ्यास तो देता येत नाही, आणि ह्या सामन्यांत तो आनंद आपणांस मिळणार नाही. सबब आपण हे काम योग्य रीतीने करू शकणार नाही, अशी त्यांची भूमिका आहे. दौरा यशस्वी झाल्यास क्रिकेटचीच हानी होईल, हेही त्यांनी सांगितले. तथापि नकाराचा पाया त्यांनी व्यवसायाच्या आत शोधला, बाहेर नाही. वीस वर्षांपूर्वी संस्थेने खेळाचा वक्ता आणि राजकारणाचा वक्ता अशी जी फाळणी केली होती, ती ह्या युक्तिवादाने मोडीत निघाली. डोळ्यांपुढचा खेळ निर्मळ मनाने सांगावयाचा तर तेथे कोण खेळू शकत नाही हे विसरावे लागेल. ते विसरणे म्हणजे समोर बसलेल्या अंध माणसास फसविणे होय. खेळ व राजकारण वेगळे ठेवावे, संपर्काने मने बदलतात, असा प्रतिपक्ष त्या काळी क्रिकेटजगतात प्रबळ होता आणि त्याची बाजू घेणारे सारेच वर्णभेदाचे समर्थक नव्हते. परंतु संपर्काच्या वीस वर्षांत नेमके काय बदलले, ह्या प्रश्नाचे उत्तर त्यांच्याकडे नव्हते; आणि ती वीस वर्षे आर्लट यांनी स्वतः ध्वनिक्षेपकामागे बसून पाहिली होती. उशिरा आलेल्या नकाराचे वजन त्या उशिरातच आहे.

२२ मे १९७० रोजी, गृहमंत्री कॅलहॅन यांच्या विनंतीवरून, दौरा रद्द करण्यात आला. ज्या समालोचनास त्यांनी नकार दिला होता ते करण्याची वेळ अशा रीतीने कोणावरच आली नाही. त्याऐवजी शेष विश्वाचा संघ उभा करण्यात आला; त्याचे कर्णधारपद गारफील्ड सोबर्सकडे होते, त्यात दक्षिण आफ्रिकेचे काही गोरे खेळाडू होते, आणि इंग्लंडच्या बाजूने डॉलिव्हेरा खेळले.

उरलेल्या दहा वर्षांविषयी थोडक्यात सांगता येईल. १९५७ पासून प्रत्येक चेंडूचे वर्णन देणाऱ्या ‘टेस्ट मॅच स्पेशल’चे ते आधारस्तंभ राहिले. १९६८ पासून व्यावसायिक खेळाडूंच्या संघटनेचे अध्यक्षपद त्यांच्याकडे होते व १९७७ च्या पॅकर प्रकरणात फूट आवरण्यास त्यांची समजूतदार मध्यस्थी उपयोगी पडली. १९६५ च्या आरंभी थोरला मुलगा मोटार अपघातात गेल्यापासून त्यांनी काळा टाय कधी उतरविला नाही. पुढील काळातील त्यांच्या वाणीत जी विषण्णता अनेकांस जाणवते तिचा उगम ह्या दुःखात असल्याचे मानले जाते.

सप्टेंबर १९८० मध्ये लॉर्ड्सवरील इंग्लंड–ऑस्ट्रेलिया शतसांवत्सरिक कसोटीत त्यांनी शेवटचे कसोटी-समालोचन केले. निरोपाचे भाषण अपेक्षित होते. ते झाले नाही. षटक संपले, धावसंख्या सांगितली, ट्रेव्हर बेली यांच्यानंतर ख्रिस्तोफर मार्टिन-जेंकिन्स बोलतील असे नेहमीप्रमाणे म्हटले आणि ते उठले. मैदानावर ध्वनिवर्धकातून ही वार्ता कळताच प्रेक्षक उभे राहिले, ऑस्ट्रेलियाचे क्षेत्ररक्षक टाळ्या वाजवू लागले आणि फलंदाज जेफ्री बॉयकॉटनेही हातमोजे काढून त्यांत भाग घेतला. पुढील वर्षी आर्लट ऑल्डर्नी बेटावर राहावयास गेले. ज्या हिंदुस्थानासाठी त्यांनी प्रथम तोंड उघडले त्या देशाने १९४६ मध्येच दक्षिण आफ्रिकेशी व्यापारसंबंध तोडला होता आणि स्वातंत्र्यानंतरही अनेक दशके तिच्याशी अधिकृत क्रिकेट खेळण्याचे नाकारले. वर्णभेदाचे कायदे रद्द झाल्यावर, १० नोव्हेंबर १९९१ रोजी, कलकत्त्याच्या ईडन गार्डन्सवर हे दोन संघ प्रथमच समोरासमोर आले. आर्लट यांचे निधन ऑल्डर्नी येथे त्याच वर्षी १४ डिसेंबर रोजी झाले.